कोरड्यास

सातारा-सांगलीकडच्या एखाद्या खेड्यात दिवेलागणीच्या वेळी कोणाच्याही घरी गेलात तर एक प्रश्न हमखास कानी पडतो. रानातून आलेला माणूस हातपाय धुतो, पटक्याने तोंड पुसतो, भिंतीला टेकून बसतो आणि आत पाहून विचारतो, "कोरड्यास काय केलंय?" पुण्यामुंबईच्या पाहुण्याला प्रथम वाटते, की कोरडे काही करायचे राहिले असावे. प्रकार नेमका उलटा असतो. ताटात पडते ती आमटी, नाहीतर पातळ कालवण, आणि तेही असे सढळ की भाकरीचा काला त्यात पोहावा.

हा शब्द मला फार सुंदर वाटतो. भाकरी कोरडी आहे, त्या कोरड्या भाकरीस लावून खायला काहीतरी हवे. म्हणून ते 'कोरड्यास'. विभक्तीचा प्रत्ययच पदार्थाचे नाव होऊन बसला. या नावात डाळ नाही, भाजी नाही, मसाला नाही. त्यात आहे ती फक्त गरज. घरात जे असेल ते पाण्यात शिजवावे, त्याला चव आणावी आणि भाकरी घशाखाली उतरेल असे करावे, एवढेच हे नाव सांगते. 'कालवण' या शब्दाचेही तेच. ज्यात कालवायचे ते कालवण. घरातले डबे उघडून, आहे त्यात भागवून केलेल्या या पातळ पदार्थाला हल्लीच्या हॉटेलांत सूप म्हणतात आणि जेवणाआधी चिमुकल्या वाडग्यातून देतात. आमच्याकडे तेच जेवण असते.

दिवाळीच्या अंकात लाडू-करंज्यांचा विषय सोडून आमटीचा इतिहास कसला सांगता, असे कोणी म्हणेल. परंतु वाचकहो, अनुभव आठवून पाहा. पाडवा-भाऊबीज उलटली, फराळाच्या ताटांनी तोंड गोडावले, तळणाने जीव जडावला, की घरातले वडीलधारे माणूस हळूच म्हणते, "आज नुसती आमटी-भाकरी करा." त्या दिवसाची आमटी जितकी गोड लागते तितका वर्षात दुसरा पदार्थ लागत नाही. तेव्हा त्या आमटीविषयी चार शब्द सांगायला हाच मुहूर्त बरा.

*

आधी 'सूप' या शब्दाचाच घोळ मिटवू. हा शब्द इंग्रजांबरोबर आला असे आपण समजतो. इंग्रजांचा सूप त्यांच्याबरोबर आला हे खरे. पण आपल्याकडे संस्कृतात 'सूप' होताच. शिजवलेले द्विदल धान्य, म्हणजे आजच्या भाषेत वरण किंवा पातळ डाळ, तो सूप. तो करणारा सूपकार. आणि पुढे सूपकार म्हणजे एकूणच आचारी असा अर्थ झाला. ज्या विद्येत भीमसेन विराटाच्या घरी बल्लव होऊन प्रवीण ठरला, ती ही विद्या. १८७५ साली रामचंद्र सखाराम गुप्ते यांनी मराठीत पाककृतींचे पुस्तक काढले, त्याचे नाव 'सूपशास्त्र'. ते नाव ठेवताना त्यांच्या मनात साहेबाच्या मेजावरचे सूप नव्हते. हा जुना संस्कृत शब्द होता.

मराठी बाईच्या हातातले सूप मात्र निराळे. ते 'शूर्प' या शब्दापासून आले. गंमत अशी, की आमटीला दोन्ही सुपे लागतात. एका सुपात डाळ पाखडायची आणि दुसरे सूप चुलीवर शिजवायचे.

आयुर्वेदाच्या जुन्या ग्रंथांत या पातळ पदार्थांची मोठी उतरंडच लावलेली आहे. तांदळाची निवळ ती मंड, थोडी शिते असलेली पेया, घट्ट ती विलेपी. आणि मूग, कुळीथ इत्यादी द्विदल धान्ये पाण्यात शिजवून जे पातळ करायचे तो यूष. आजाऱ्याला आज आपण मुगाचे कढण देतो ते चरक-सुश्रुतांच्या मुद्गयूषाचेच घरगुती रूप आहे. वैद्यांनी ग्रंथ लिहिले तेव्हा त्यांनी नवे काही शोधून काढले असे नव्हे. स्वयंपाकघरात जे चालले होते त्याचे गुणदोष त्यांनी मांडून ठेवले.

या विषयातला आपल्या भागाशी जवळचे नाते असलेला पहिला मोठा साक्षीदार म्हणजे एक राजा. कल्याणीचा चालुक्य सम्राट तिसरा सोमेश्वर याने ११२९ च्या सुमारास 'मानसोल्लास' नावाचा संस्कृत ग्रंथ सिद्ध केला. कृष्णाकाठ त्या काळी चालुक्यांच्या साम्राज्यात मोडत होता. राजाने काय काय जाणावे याचा हा ज्ञानकोशच. त्यात हत्ती-घोडे आहेत, रत्ने आहेत, संगीत आहे आणि अन्नभोग नावाचे प्रकरणही आहे. मांडे, पुऱ्या, इडल्यांचे पूर्वज असे अनेक पदार्थ त्यात भेटतात. पण माझे लक्ष जाते ते डाळ शिजवण्याच्या कृतीकडे. मंद आचेवर शिजवा, हिंगाचे पाणी शिंपा, रंगासाठी हळद घाला, आल्याचे तुकडे टाका. वाचता वाचता वाटते, की आठ-नऊशे वर्षांपूर्वीच्या राजवाड्यात नव्हे तर शेजारच्या घरातच डोकावतो आहोत.

या ग्रंथात 'विदलपाक' नावाचाही पदार्थ आहे. निरनिराळ्या डाळी एकत्र करून हिंग, हळद आणि सैंधव घालून तो करायचा. सम्राटाच्या मुदपाकखान्यात हौसेने पाच डाळी एकत्र होत असतील. माणदेशातल्या घरात त्या एकत्र होतात ते प्रत्येक डब्याच्या तळाशी मूठ-मूठ उरलेली असते म्हणून. पदार्थ तोच राहतो, कारण मात्र बदलते.

यानंतर सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात रघुनाथ गणेश नवहस्त या पंडिताने 'भोजनकुतूहल' लिहिले. तंजावरच्या भोसले घराण्यातील राणी दीपाबाई यांच्याशी त्याचा संबंध होता. धान्ये, भाज्या, पाणी, दूध यांचे गुणदोष आणि पदार्थांचे प्रकार त्याने संस्कृतात सांगितले. पण ठिकठिकाणी त्याला मराठी नावे द्यावी लागली. संस्कृत पंडितालाही चुलीपाशी आल्यावर मायबोलीचाच आधार घ्यावा लागतो, याची ही साक्ष आहे.

*

आता ग्रंथ मिटवून जमिनीकडे पाहू. जुना सातारा जिल्हा मोठा होता. १९४९ साली संस्थाने विलीन झाल्यावर त्याचे उत्तर सातारा आणि दक्षिण सातारा असे दोन भाग झाले आणि १९६० साली दक्षिण साताऱ्याला सांगली हे नाव मिळाले. या मुलखाइतका विषम पाऊस क्वचितच कुठे पडत असेल. पश्चिमेला महाबळेश्वरावर वर्षाला ५००० मिलिमीटरांहून अधिक पाऊस कोसळतो. आणि तिथून शंभर-सव्वाशे किलोमीटरांवर माणदेशात तो ५०० च्या आसपास पडला तरी लोक समाधान मानतात. कृष्णाकाठी मळई आणि माण, खटाव, आटपाडी, जत, कवठेमहांकाळकडे कोरडवाहू माळ. 'कोरड्यास' हा शब्द ज्या मुलखात बोलला जातो त्याच्या पूर्वेकडचा अर्धा भाग असा मुळातच कोरडा आहे.

कोरड्या मुलखातले घर डब्यांवर नव्हे, उतरंडीवर चालत असे. खालच्या मडक्यात ज्वारी-बाजरी, त्यावर हुलगा, मटकी, तूर, वर मीठ-मिरची. ओली भाजी चार महिने. उरलेले आठ महिने वाळवणावर. म्हणून उन्हाळ्यात अंगणात सांडगे घालायचे, गवार वाळवायची, चिंचेचे गोळे मीठ लावून ठेवायचे. पावसाने डोळे वटारले की हेच सांडगे थोड्या तेलावर परतून आमटीत पडत. भाजी नाही, म्हणून सांडग्यांची आमटी. सांडगेही संपले, तर नुसता कांदा. कांदाही नसला, तर हुलग्याचे माडगे.

माडग्याची कृती काही मोठी नाही. हुलगा भाजायचा, जात्यावर दळायचा, ते पीठ पाण्यात कालवून उकळत्या पाण्यात सोडायचे आणि ढवळत राहायचे. ठेचलेली लसूण, जिरे, मीठ. कोणी गुळाचा खडा घालून गोड करतो. थंडीत, आजारपणात आणि टंचाईत हाच आधार. हुलगा, म्हणजे कोकणातला कुळीथ, थोड्या पाण्यावर आणि हलक्या जमिनीत येतो. जिथे जे तगते तेच तिथल्या माणसाला तगवते. ज्वारीत ज्या प्रथिनद्रव्याची उणीव असते ते द्विदल धान्यात भरपूर असते आणि द्विदलातली उणीव ज्वारी भरून काढते, हे आज आहारशास्त्र सांगते. आमच्या आज्या ते शास्त्र शिकल्या नव्हत्या. पण नुसत्या भाकरीवर राबणारा गडी टिकत नाही आणि भाकरीबरोबर आमटी असली की टिकतो, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिले होते.

सणाच्या दिवशीही या मुलखाने पाणी फुकट घालवले नाही. पुरणासाठी हरभऱ्याची डाळ शिजवली, की वरचे पाणी निथळून घ्यायचे. ते येळवणी. त्यात चमचाभर पुरण, चिंच, भाजलेले खोबरे आणि मसाला घालून जी आमटी होते ती येळवणीची आमटी, म्हणजेच पुण्याकडची कटाची. पुरणपोळी ही सणाची राणी खरी. पण जेवून उठलेला माणूस आठवण काढतो ती या टाकाऊ पाण्याची.

हळदीची कथा तर स्वतंत्र लेखाच्या मोलाची. सांगली ही हळदीची मोठी पेठ. सांगलीजवळ कृष्णा-वारणेच्या संगमावर हरिपूर आहे. तिथल्या जमिनीत खोल पेवे खणून त्यांत हळद साठवण्याची रीत होती. तोंड अरुंद, पोट मोठे. एकदा भरून तोंड बंद केले, की आत हवा नाही, कीड नाही. हळद वर्षानुवर्षे टिकते. पेव उघडल्याबरोबर आत उतरायचे नाही. आधी ते उघडे ठेवून हवा खेळू द्यायची, हा नियम. अनेकांच्या प्राणांशी त्याची गाठ होती. २००५ च्या महापुरात पेवांत पाणी शिरले आणि त्यानंतर गुदामांकडे ओढा वाढला. २०१८ साली सांगलीच्या हळदीला भौगोलिक मानांकन मिळाले. सोमेश्वराच्या डाळीत रंगासाठी पडणारी हळद ती हीच, एवढे म्हणण्याचा मोह होतो. पण तो आवरून इतकेच म्हणतो, की त्या काळापासून आजपर्यंत डाळीच्या भांड्यावरून हळदीची चिमूट हललेली नाही.

*

हळद जुनी, तशी मिरची मात्र नवी. हे ऐकून आमच्या भागातल्या माणसाला धक्का बसतो. सांगली-साताऱ्याकडे लाल मसाल्याला 'चटणी' म्हणतात. कांदा, लसूण, खोबरे आणि मिरची कुटून ती वर्षाची करून ठेवतात आणि त्या चटणीवाचून कोरड्यास होऊच शकत नाही अशी आमची श्रद्धा आहे. पण मिरची अमेरिका खंडातली. पोर्तुगीजांच्या गलबतांतून ती सोळाव्या शतकात गोव्याच्या किनाऱ्याला लागली आणि घाट चढून वर आली. त्याआधी तिखटपणाची कामगिरी मिरे, पिंपळी आणि आले यांच्याकडे होती. भुईमूगही परदेशी, बटाटा परदेशी, टोमॅटो तर सर्वांत अलीकडचा. एकादशीला आपण सोवळ्यात शेंगदाण्याची आमटी करतो आणि बटाट्याची भाजी खातो. देव या परदेशी पाहुण्यांना चालवून घेतो, हा त्याचा मोठेपणा.

आमटीने या साऱ्यांना जागा दिली. जो आला त्याला तिने पाण्यात घेतले, उकळी दिली आणि घरचे करून टाकले. माणसांच्या बाबतीत मात्र आम्ही इतके उदार नव्हतो. एका विहिरीचे पाणी नाही, एका पंगतीचे जेवण नाही. आमटी वाढणारा डाव कोणाच्या ताटावर किती उंचीवरून उपडा व्हायचा, याचेही नियम होते. हा इतिहास गोड नाही. पण आमटीचा इतिहास सांगायचा तर तो गाळून सांगता येत नाही.

*

१८७६ चा पाऊस गेला. दख्खनचे पुणे, सातारा, सोलापूर, नगर हे जिल्हे होरपळले. तो दुष्काळ १८७८ पर्यंत चालला आणि देशभरात ५० लाखांहून अधिक माणसे त्यात मेली. सरकारने खडी फोडण्याची, तलाव-रस्त्यांची कामे काढली. व्हाइसरॉय लिटन याने सर रिचर्ड टेंपल याला पाहणीसाठी पाठविले. १८७७ च्या आरंभी टेंपलने ठरविले, की कामावरच्या धडधाकट पुरुषाला दिवसाला १ पौंड धान्याच्या किमतीएवढे आणि वर किरकोळ खर्चापुरते दिले म्हणजे पुरे. १ पौंड म्हणजे सुमारे ४५० ग्रॅम. दिवसभर घण मारायचा आणि त्यावर जगायचे. मीठ, मिरची, डाळ, सरपण सारे त्या वरच्या दिडकीत. म्हणजे भाकरीचा हिशेब धरला गेला; कोरड्यास काय, हा प्रश्न कागदावर आलाच नाही.

मजुरांनी कामावर बहिष्कार घातला. त्यांची बाजू मांडली ती पुण्याच्या सार्वजनिक सभेने. आणि त्या सभेचे प्राण होते गणेश वासुदेव जोशी, सर्वांचे 'सार्वजनिक काका'. काका मूळ साताऱ्याचे. १८२८ साली त्यांचा जन्म तिथलाच. सभेने गावोगावची माहिती जमवून सरकारपुढे अर्ज-अहवालांचा धडाका लावला. माणसाला जगायला किती अन्न लागते, हा प्रश्न आमच्याकडे चव्हाट्यावर, आकड्यांनिशी मांडला गेला तो असा.

त्याच दुष्काळात सत्यशोधक समाजाची मंडळी भुकेल्यांसाठी राबत होती. महात्मा फुले यांच्या घराण्याचे मूळ गाव खटाव तालुक्यातले कटगुण; सावित्रीबाई खंडाळा तालुक्यातल्या नायगावच्या. दोन्ही गावे सातारा जिल्ह्यातली. एप्रिल १८७७ मध्ये सावित्रीबाईंनी ओतूरहून जोतीरावांना पत्र लिहून जुन्नरकडच्या दुष्काळाची स्थिती कळविली. पुण्याजवळ धनकवडीला अनाथ मुलांसाठी अन्नछत्र चालविले गेले. तिथे पोराला जात विचारून वाढले जात नव्हते. भुकेने जी शिस्त आपोआप मोडली होती, ती पोट भरल्यावरही पुन्हा जोडायची नाही, असे म्हणणारी ही माणसे होती.

*

ही गोष्ट पुढे नेली ती याच मातीतल्या एका जोडप्याने. कर्मवीर भाऊराव पाटील यांच्या घराण्याचे गाव वाळवे तालुक्यातले ऐतवडे बुद्रुक. १९१९ साली कराडजवळच्या काले गावी त्यांनी रयत शिक्षण संस्था स्थापन केली आणि १९२४ साली साताऱ्यात सर्व जातिधर्मांच्या मुलांसाठी वसतिगृह सुरू केले. महार, मांग, मराठा, मुसलमान, जैन अशी सगळी मुले एका छपराखाली राहणार आणि एका चुलीवरचे खाणार. १९२७ साली महात्मा गांधी तिथे आले आणि त्या वसतिगृहाला 'श्री छत्रपती शाहू बोर्डिंग हाउस' हे नाव मिळाले.

भाषणे करणे एक आणि रोज दोन्ही वेळा पोरांची पाने मांडणे एक. ते दुसरे काम लक्ष्मीबाईंच्या वाट्याला आले. सोवळ्या-ओवळ्यात वाढलेली जैन घरातली ही लेक. पहिल्या पहिल्याने तिच्या मनाला ते जड गेले असेल तर नवल नाही. पण पुढे ती त्या सर्व पोरांची आई झाली. वसतिगृहात धान्य संपले, की लक्ष्मीबाईंचा एकेक दागिना बाहेर पडे. शेवटी एकदा मंगळसूत्रही विकावे लागले. १९३० साली त्या गेल्या.

मी या प्रसंगाचा विचार करतो तेव्हा त्या मंगळसूत्रापेक्षा त्याच्या आदल्या दिवसाचा विचार अधिक येतो. दागिना विकण्याची पाळी एकदम येत नाही. आधी भाकरी लहान होते. मग आमटीत पाणी वाढते. वाढणाऱ्या बाईला कळत असते, की काल डाव उलटा केला तेव्हा डाळ खाली पडत होती, आज नुसते पिवळे पाणी पडते आहे. समोरचे पोर काही बोलत नाही. भाकरी कुस्करते, ओरपते आणि अभ्यासाला बसते. त्या शांततेतून बाई उठते आणि गळ्याला हात लावते. आमटी किती पातळ होऊ द्यायची याची एक मर्यादा असते. ती ओलांडू द्यायची नाही असे ज्याने ठरविले तो मोठा माणूस, मग त्याने ग्रंथ लिहो वा न लिहो.

पुढे १९४३ ते १९४६ या काळात या जिल्ह्यात क्रांतिसिंह नाना पाटील यांचे प्रतिसरकार उभे राहिले. कुंडल हे त्याचे एक प्रमुख ठाणे. भूमिगत कार्यकर्ते रात्री-अपरात्री येत आणि गावातली घरे त्यांना भाकरी देत. पोलिसांना पत्ता लागला तर घरावर गदा. क्रांतीच्या इतिहासात बंदुकांची, आगगाडीची आणि खजिन्यांची नोंद आहे. मध्यरात्री उठून, धूर दिसू नये म्हणून बेताने चूल पेटवून, चार माणसांच्या आमटीत दहा माणसांचे पाणी घालणाऱ्या बायांची नोंद फारशी कोणी केली नाही.

*

याच कुंडलमध्ये १९१३ साली एक मुलगी जन्मली होती. शिक्षण मराठी चौथीपर्यंत. लग्न होऊन ती कमलाबाई ओगले झाली. स्वयंपाक ती सासूबाईंच्या हाताखाली शिकली. १९७० साली किर्लोस्कर प्रकाशनाने तिचे 'रुचिरा' हे पुस्तक काढले आणि त्याच्या लाखाहून अधिक प्रती घरोघर गेल्या. मराठी मुलीच्या लग्नाच्या सामानात पोळपाट-लाटण्याबरोबर 'रुचिरा' जाऊ लागले.

या पुस्तकाने नवे काय केले? कमलाबाईंनी मापे दिली ती वाटी आणि चमच्याची. तराजू नको, औंस-पौंड नकोत. घरात जी वाटी आहे ती घ्या आणि त्याच वाटीने सारे मोजा. 'अंदाजाने' हा सासूबाईंचा शब्द त्यांनी सुनेला उलगडून सांगितला. सोमेश्वर राजाने संस्कृतात लिहिले ते राजांसाठी. 'भोजनकुतूहला'चे वाचक पंडित. ज्यांनी आयुष्यभर चूल फुंकली त्यांचे ज्ञान त्यांच्याच मापाने, त्यांच्याच भाषेत लिहायला चौथी शिकलेली कुंडलची बाई यावी लागली. टेंपलसाहेबाचा पौंड आणि कमलाबाईंची वाटी ही दोन्ही मापेच. एकाने माणूस कितीवर जगेल ते मोजले. दुसरीने माणूस कशाने तृप्त होईल ते.

आणि दोनच वर्षांनी, १९७२ साली, पुन्हा आभाळ कोरडे झाले. विहिरींनी तळ गाठले, जनावरे दावणीवरून सुटली, परदेशी मिलो ज्वारी आली. त्या लाल भाकऱ्या आणि कामावर मिळणारी सुकडी आठवणारी माणसे आजही माण-आटपाडीत भेटतात. पण १८७६ सारखा संहार झाला नाही. यात एका सांगलीकराचा वाटा आहे. तासगाव तालुक्यातल्या विसापूरचे वि. स. पागे यांनी रोजगार हमीची कल्पना मांडली होती. १९६५ साली तासगाव भागात तिचा पहिला प्रयोग झाला, १९७२ च्या दुष्काळात ती राज्यभर गेली, १९७७ साली तिचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. मागेल त्याला काम, हा हक्क झाला. सार्वजनिक काकांनी अर्ज करून जे मागितले, ते शंभर वर्षांनी कायद्याच्या पुस्तकात लिहिले गेले.

*

इतका इतिहास सांगितल्यावर आमटी न करता उठणे बरे नव्हे. वाटी कमलाबाईंची, रीत माझ्या घरची. एक वाटी तुरीची डाळ धुऊन तीन वाट्या पाण्यात हळद, हिंग आणि थेंबभर तेल घालून मऊ शिजवा आणि घोटा. पातेल्यात दोन चमचे तेल तापवा. मोहरी तडतडली की जिरे, कढीपत्ता, ठेचलेल्या लसणाच्या पाच-सहा पाकळ्या आणि चिरलेला कांदा टाका. मग घरात असेल ती भाजी. शेवग्याची शेंग, वांगे, मुळा, दोडका. काही नसेल तर मूठभर सांडगे आधी परतून घ्या. भाजी वाफली की एक चमचा चटणी, घोटलेली डाळ, मीठ, लिंबाएवढ्या चिंचेचा कोळ आणि गुळाचा खडा. वरून पाणी घालायचे ते गरमच. गार पाण्याने उकळी मोडते आणि चव फिकी पडते. चार माणसांना ही पुरते.

पाचवा आला तर? तर एक वाटी गरम पाणी, चिमूटभर मीठ आणि आणखी एक उकळी. या मुलखातल्या प्रत्येक घराला ही शेवटची ओळ पाठ आहे आणि ती कोणत्याच पुस्तकात लिहावी लागत नाही. फक्त एक बघा. पाणी वाढवले, की ते सगळ्यांच्या वाटीत सारखे वाढू द्या. नाहीतर पाहुण्याला आणि पुरुषांना वरची डाळ जाते, आणि सर्वांमागून बसणाऱ्या घरच्या बाईपुढे पातेल्याच्या तळाचे पाणी येते. ही रीत सोमेश्वराच्या काळापासून चालत आली असेल. म्हणून ती पुढे चालवलीच पाहिजे असे नाही.

या दिवाळीत फराळाचा कंटाळा आला, की एक दिवस आमटी-भाकरी करा. ज्यांनी केली त्यांनाही त्याच पंगतीत बसवा. आणि कोणी विचारले, "कोरड्यास काय?" तर सांगा, घरात होते ते सगळे.